सतरा नंबरची खुंटी

माणसाला झोपायला किती जागा लागते, असं कोणी विचारलं तर बहुतेक लोक खांदे उडवतील. मी आकडा सांगेन. दोन फूट एक इंच रुंद आणि पावणेसहा फूट लांब. हा आकडा माझा नाही, आमच्या गावाच्या खोलीच्या कारभाऱ्यांचा आहे. मी त्या मापात आठ वर्षं झोपलो आहे आणि मला त्यात एकदाही वाईट स्वप्न पडलं नाही. कूस बदलायचीच सोय नव्हती, तर स्वप्न कुठून शिरणार?

गावाची खोली म्हणजे काय, हे आता लालबागच्या नव्या टॉवरमधल्या लोकांना सांगावं लागतं. गिरण्या जोरात होत्या तेव्हा कोकणातल्या एकेका गावाने मुंबईत मिळून एकेक खोली घेतली. ती एका माणसाची नसते, गावाची असते. गावचा पुरुष कामाला आला की तिथे पथारी टाकायची. आमची खोली चाळीच्या तिसऱ्या मजल्यावर, पंधरा बाय दहाची. पंधरा फुटांच्या भिंतीला पाय करून सात जण झोपायचे. सात गुणिले पंचवीस म्हणजे एकशे पंच्याहत्तर इंच, भिंत एकशे ऐंशी. उरलेले पाच इंच कशाचे, असं मी पहिल्या दिवशी विचारलं तेव्हा कारभारी म्हणाले होते, "भांडणाचे." आणि खरंच, आठ वर्षांत जी काही भांडणं झाली ती त्या पाच इंचांवरूनच झाली.

गिरणीच्या तीन पाळ्या, म्हणून सात जागांवर एकवीस माणसं. एक उठून गेला की त्याच जागेवर दुसरा येऊन पडायचा. भिंतीवर एकवीस लाकडी खुंट्या. एक ते सात सकाळपाळीच्या, आठ ते चौदा दुपारपाळीच्या, पंधरा ते एकवीस रातपाळीच्या. ज्याची पिशवी खुंटीवर तो खुंटीदार. त्याला झोपायला जागा, सभेत मत आणि झाडू मारायची पाळी, तिन्ही मिळायचं.

कारभारी खुंटी नंबर एक. मी खुंटी नंबर चार. गिरण्या मिटल्या, खुंटीदार कुणी वॉचमन झाले, कुणी कुरियर, कुणी हॉस्पिटलात वॉर्डबॉय. पाळ्या बंद झाल्या, पण कारभाऱ्यांनी नंबर बंद केले नाहीत. त्यांनी कुणालाही नावाने हाक मारलेली मी ऐकली नाही. माझ्या लग्नात त्यांनी स्टीलचा पेला दिला, त्यावर कोरून घेतलं होतं 'चार'. बायकोला वाटलं, अजून तीन पेले यायचे आहेत. मुलगा झाल्यावर ते बघायला आले, पाळण्यात वाकून पाहिलं आणि म्हणाले, "चार अ." मुलगा आता अठ्ठावीस वर्षांचा आहे. घरात काही तोडफोड झाली की बायको अजूनही त्याला याच नावाने हाक मारते.

दोन वर्षांपूर्वी कारभारी गावी गेले आणि तिथेच वारले. त्यांच्याबद्दल बोलताना लोक हळवे होतात. मी होणार नाही. ते अत्यंत तापदायक गृहस्थ होते.

त्यांच्या खिशात कायम घडीची लाकडी फूटपट्टी असायची. महिन्यातून एकदा ते झोपलेल्यांच्या बाजूंनी खडूने रेघा मारायचे. तेरा नंबर लग्नानंतर अंगाने सुटला. दर वर्षी इंचभर म्हणजे चार वर्षांत चार इंच. एकदा रेघ त्याच्या दंडावरून गेली. कारभाऱ्यांनी त्याला उठवून सांगितलं की कुशीवर झोपायचं, कारण कुशीवर तो अठरा इंच भरतो. म्हणजे त्यांनी आधीच मोजलं होतं. तेरा नंबर खोली सोडेपर्यंत उजव्या कुशीवर झोपला. तो सांगतो की आता घरी डबलबेड आहे तरी डाव्या कुशीवर झोप येत नाही.

गिरणीचा भोंगा बंद झाला तेव्हा त्यांनी तो स्वतः सुरू ठेवला. सकाळी साडेसहाला आणि दुपारी पावणेतीनला पितळी थाळीवर पळी मारून पाळी बदलल्याची वर्दी द्यायचे. दुपारी खोलीत त्यांच्याशिवाय चिटपाखरू नसायचं. म्हणजे स्वतःच वाजवायचं आणि स्वतःच ऐकायचं.

आणि खोलीला कुलूप नव्हतं. कडीही नव्हती. पाळ्या होत्या तेव्हा चोवीस तास कोणीतरी आत असायचंच, म्हणून कधी लागली नाही. गिरण्या गेल्यावर दिवसा खोली ओस पडायला लागली. आम्ही म्हटलं, आता एक कुलूप आणू. त्यांनी उलट विचारलं, "कुलूप घालूक ही काय पेढी आसा?" मग कुलूप लागू नये म्हणून दिवसभर ते स्वतः आत बसायला लागले. जेमतेम चार ट्रंका आणि एकवीस खुंट्या सांभाळत एक माणूस वीस वर्षं दिवसाउजेडी चाळीच्या बाहेर गेला नाही. मी हिशेब करून सांगितलं की हे सात हजारांच्या वर दिवस होतात. ते म्हणाले, रविवार वजा कर, रविवारी बाकीचे असतात.

त्यांच्या सगळ्या वेडाचा उगम एका पत्र्याच्या पाटीत होता. दाराशेजारी लावलेली, निळ्यावर पांढऱ्या अक्षरांत खोलीचे अकरा नियम. थुंकू नये, पत्ते खेळू नयेत, गावचा पाहुणा आल्यास तीन दिवस जागा द्यावी, असं. पाटीवर आहे ते करायचं. पाटीवर नाही त्याचं काय करायचं, असं विचारलं की त्यांचं एकच उत्तर. "पाटयेर नाय ता माका ठावक नाय." शहाण्यासुरत्या माणसाला वेड लावणारं वाक्य आहे हे. वाद घालायला समोर माणूसच उरत नाही, पत्रा उरतो.

आता प्राजक्ताबद्दल.

मी परळच्या एका हॉस्पिटलच्या लॅबमध्ये आहे. रक्तातल्या पेशी मोजणं हे माझं काम. आता यंत्र मोजतं, मी यंत्रावर संशय घेतो. एका सकाळी वॉर्डातून दोन नळ्या आल्या. बारा नंबर खाटेचं लेबल एकवीस नंबरच्या नळीवर आणि एकवीसचं बाराच्या नळीवर. बाराची बाई अशक्त होती आणि एकवीसचा गडी धडधाकट, म्हणून आकडे बघताच मला कळलं. फोन केला. नळ्या पाठवणारी नर्स धावत खाली आली. रातपाळी संपवून उभी होती, डोळे लाल. आडनाव वाचलं आणि गाव विचारलं. आमचंच. बाप विचारला. तो आमचा सतरा नंबर.

सतरा नंबर गिरणी बंद पडल्यावर गावी परतला होता आणि मागच्या शिमग्यात वारला होता. मुलगा नव्हता. ही एकच मुलगी, प्राजक्ता, तेवीस वर्षांची. नालासोपाऱ्याला मावशीकडे राहायची. रातपाळी बारा तासांची, येऊन जाऊन साडेचार तास. उरले साडेसात. त्यात आंघोळ, जेवण, मावशीच्या जुळ्या नातवंडांचा धिंगाणा. झोप चार तास, तीही तुकड्यांत. मी हे सगळं तिथेच कागदावर मांडलं. ती म्हणाली, "काका, मांडू नका. मला माहीत आहे. आज तुम्ही पकडलंत. उद्या औषधाच्या बाबतीत झालं तर कोण पकडणार?"

मी म्हटलं, तुझ्या बापाची खुंटी इथून चालत दहा मिनिटांवर रिकामी आहे. आणि सतरा नंबर म्हणजे रातपाळीची खुंटी. रातपाळीवाल्याने दिवसा झोपायचं, असं पाटीवर लिहिलेलंच आहे. दिवसा खोलीत कारभारी सोडून कोणी नसतं. रात्री झोपणारे सहा पुरुष आठ वाजता बाहेर पडतात, ही नऊला येणार आणि पाचला निघणार. एकमेकांचं तोंडही बघायची गरज नाही. आकडे इतके चोख जुळलेले मी क्वचित बघितले आहेत.

ती गेली. कारभाऱ्यांनी तिला दारातच उभं करून ऐकून घेतलं. ती "आजोबा" म्हणाली तर म्हणाले, आजोबा गावात, इथे कारभारी. मग हो म्हणाले नाहीत आणि नाहीही म्हणाले नाहीत. पाटीवरचा नववा नियम वाचून दाखवला. तो असा: पाच खुंटीदारांसमक्ष खुंटीवर पिशवी टांगावी, ती दुसऱ्या दिवशी सूर्योदयापर्यंत राहिली तर ज्या घरची पिशवी त्या घरची खुंटी. बापामागून मुलगे खोलीत आले ते याच रीतीने आले. मीही असाच आलो.

"बायकांचं चालेल का पण?" तिने विचारलं.

"पाटयेर बायकांचा कायच नाय. पाच जाण घेवन ये."

इथे खरी गंमत सुरू झाली. आमच्या खुंटीदारांपैकी चौदा हयात, त्यातले अकरा मुंबईत. कारभारी सोडून दहा. पाच हवे होते. मी एक, तेरा नंबर दोन. राहिले आठ. हे आठ जण म्हणजे काही जुनाट मंडळी नव्हेत. अकरा नंबर मंगेश हा मॉलमध्ये सिक्युरिटी सुपरवायझर, चौतीस वर्षांचा, मुलींच्या शिक्षणावर दर आठवड्याला व्हॉट्सॲपवर काहीतरी टाकणारा. त्याला फोन केला तर म्हणाला, मी पूर्ण सपोर्टमध्ये आहे, फक्त त्या दिवशी विरारला जायचं आहे. कोणत्या दिवशी, ते मी अजून सांगितलंच नव्हतं. सहा नंबरला बायको काय म्हणेल याची काळजी. दहा नंबर म्हणाला, कपडे कुठे वाळत घालायचे. पंधरा नंबरला तत्त्वतः मान्य होतं. तीन आठवड्यांत प्राजक्ता चार वेळा तीन जिने चढली. तिन्ही मिळून सत्तेचाळीस पायऱ्या आहेत. प्रत्येक वेळी कारभारी विचारायचे, "आज किती इले?" आणि ती म्हणायची, "दोनच."

चिडून मी त्यांना म्हटलं की कारभारी, तुम्ही नुसती मान हलवली तरी बाकीचे येतील. त्यांनी फूटपट्टी उघडली, मिटली. मान हलवायचं पाटीवर नव्हतं.

याच सुमारास सिनेमावाले आले. त्यांच्या लोकेशन मॅनेजरच्या आईचं माहेर आमच्या गावचं. म्हणजे गावचा पाहुणा. कारभाऱ्यांनी पाटी बघितली आणि तीन दिवस दिले, तासभरही जास्त नाही. भाड्याचं पाटीवर काही नाही म्हणून भाडंही घेतलं नाही.

सिनेमाचा विषय दिग्दर्शकाने आम्हाला गॅलरीत उभं करून सांगितला. तिशीतला मुलगा, केसांचा अंबाडा. कोकणात खाडीपलीकडे जगापासून तुटलेलं एक गाव, तिथले म्हातारे बायकांना गावकीच्या बैठकीत बसू देत नाहीत, मग नायिका उभी राहते, परंपरा विरुद्ध परिवर्तन वगैरे. त्यातला एक भाग मुंबईतल्या गावाच्या खोलीत घडतो. नायिका खोलीवर हक्क सांगते, बापाच्या खुंटीवर पिशवी टांगते आणि खोलीचा क्रूर म्हातारा शेवटी रडतो. खुंटीची कल्पना त्यांना त्या मॅनेजरकडून मिळाली होती.

दिग्दर्शकाने कारभाऱ्यांना सल्लागार नेमलं, ही त्याची पहिली चूक. आमची जुनी खोली पुरेशी जुनी दिसत नव्हती. दर गणपतीला आम्ही चुना मारतो. त्यांच्या माणसांनी भिंतींना चहाचं पाणी फासलं, बल्ब काढला आणि कंदील आणला. कारभारी म्हणाले, या खोलीत बिजली आली तेव्हा तुझा बाप रांगत असेल. दिग्दर्शक म्हणाला, पण आजोबा, फील यायला हवा. म्हाताऱ्याचं काम करणारा नट मोठा नावाजलेला. त्याने तालमीत तंबाखूची पिंक टाकली. कारभाऱ्यांनी शूटिंग थांबवून त्याच्याकडून फरशी पुसून घेतली. नियम सहा. तो बिचारा पुसत होता आणि दिग्दर्शक हळू आवाजात कॅमेरामनला सांगत होता, घे घे, हे घे.

"शेवटी हा म्हातारा बदलतो," दिग्दर्शकाने त्यांना समजावलं. "आतून."

"कित्याक? तेका काय झाला?"

पिशवीच्या प्रसंगात पाहणारे म्हणून सिनेमावाल्यांना खरे चेहरे हवे होते. हे मी आमच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकलं. चौदा मिनिटांत नऊ जण तयार. मंगेशने रजा टाकली. विरारचा पत्ता नव्हता. सहा नंबरने बायकोलाही आणलं, ती गॅलरीतून बघत उभी. कपड्यांचा प्रश्न दहा नंबरला आठवला नाही. पंधरा नंबर तत्त्व सोडून प्रत्यक्ष आला, दाढी करून.

दुसऱ्या दिवशी दुपारी तो पिशवीचा प्रसंग होता. कला विभागाच्या मुलीने तीन पिशव्या आणल्या होत्या, तिन्ही नव्या, घासून जुन्या केलेल्या. कारभारी बघून म्हणाले, असल्या पिशव्या घेऊन आमच्याकडे कोणी आलं नाही. ती रडकुंडीला आली. तेवढ्यात जिन्यात प्राजक्ता दिसली, पाचव्या खेपेला आलेली. तिच्या खांद्याला निळी रेक्झिनची पिशवी, तुटलेले बंद पुन्हा शिवलेले, आणि पोटावर पांढऱ्या ऑइलपेंटने सतरा. बापाची. तो आकडा कारभाऱ्यांनी स्वतःच्या हाताने रंगवलेला होता. आमच्या सगळ्यांच्या पिशव्यांवर त्यांचेच आकडे आहेत.

कलावाल्या मुलीने पिशवी मागितली. प्राजक्ता एक क्षण माझ्याकडे बघत राहिली. मी भिंतीकडे बघितलं. ती म्हणाली, "देते. पण शूटिंग संपेपर्यंत कोणी काढायची नाही." मुलगी म्हणाली, कंटिन्युइटीसाठी, म्हणजे पुढच्या दृश्यातही सगळं जसंच्या तसं दिसावं म्हणून, तसंही कोणी हात लावणार नाही, आणि तशी चिठ्ठीच भिंतीला चिकटवली.

पिशवी नायिकेच्या हातात गेली तेव्हा कारभारी दारातून बोलले, "रिकामी पिशी आमच्या खुंटयेर चढणा नाय." दिग्दर्शक खूश. खरेपणा, खरेपणा म्हणत त्याने प्राजक्तालाच आत काहीतरी भरायला सांगितलं. तिने स्वतःचा युनिफॉर्म, टॉवेल, कंगवा आणि बापाचा एक जुना स्वेटर भरला. नायिकेने नऊ जणांसमोर सतरा नंबरच्या खुंटीवर पिशवी टांगली. सात टेक झाले. सातव्याला नऊच्या नऊ जणांनी दिग्दर्शकाने सांगितल्याप्रमाणे सावकाश, समजूतदारपणे माना हलवल्या. मंगेशच्या डोळ्यांत पाणी होतं. ग्लिसरीन नव्हतं, मी विचारलं.

मी तिथे उभ्या उभ्या बोटं मोजली आणि गप्प बसलो. आयुष्यात आकडा कळूनही मी बोललो नाही अशी ती एकच वेळ.

दुसऱ्या दिवशी ड्युटीआधी मुद्दाम सहा वाजून दहा मिनिटांनी खोलीवर गेलो. सूर्य उगवायचा होता. पिशवी जागेवर होती. आत अकरा नंबर कुरकुरत होता. त्याला त्या खुंटीवर पॅन्ट अडकवायची होती आणि कारभाऱ्यांनी पट्टीने हाताला फटका मारला होता. मला वाटलं, म्हाताऱ्याने सिनेमा फारच मनावर घेतलाय. सूर्य उगवल्यावर त्यांनी गॅलरीत जाऊन समोरच्या टॉवरच्या काचेत ऊन पडलेलं नीट बघितलं, परत आत आले आणि थाळी वाजवली.

सिनेमावाले गेले आणि पुढच्या रविवारी कारभाऱ्यांनी सभा बोलावली. वीस वर्षांत त्यांनी स्वतःहून बोलावलेली ही पहिली सभा. इतिवृत्त माझ्याकडे असतं, म्हणून पुढचं जसंच्या तसं आहे. प्राजक्ताही दारात उभी होती. कारभारी उभे राहिले आणि म्हणाले की खुंटी नंबर सतरा नियमाप्रमाणे लागली आहे, त्याची नोंद करायची आहे.

क्षणभर कोणाला कळलंच नाही. मग सगळे एकदम बोलायला लागले. मंगेश सगळ्यांत पुढे.

"कारभारी, सिनेमात ठीक आहे हो. पण रिअलमध्ये कसं जमणार?"

"पिशी टांगली काय नाय टांगली?"

"टांगली. पण ती ॲक्टिंग होती."

"सकाळपर्यंत होती?"

"होती, पण ती कंटिन्युइटीसाठी ठेवली होती."

"कशासाठी ठेवली ता पाटयेर नाय."

सहा नंबर म्हणाला, पिशवी तर नायिकेने टांगली, म्हणजे खुंटी नायिकेची व्हायला हवी. हे ऐकून दोन-तीन चेहरे उजळले. कारभाऱ्यांनी शांतपणे सांगितलं की नऊ नंबर पहिल्यांदा आला तेव्हा त्याचा हात प्लास्टरमध्ये होता, पिशवी हमालाने टांगली होती, तेव्हा खुंटी हमालाला दिली नाही. ज्या घरची पिशवी त्या घरची खुंटी. आत सामान कोणाचं होतं, ते सगळ्यांनी बघितलंय. आणि साक्षीदार पाच पाहिजेत तिथे नऊ होते.

"आम्ही साक्षीला बसलो नव्हतो," दहा नंबर म्हणाला. "आम्ही शूटिंगला बसलो होतो."

"माना कोणी हलवल्यानी?"

पंधरा नंबर हनुवटी खाजवायला लागला.

"क्यामेऱ्यात आसा," कारभारी म्हणाले आणि खाली बसले.

तरी मंगेश उठला. त्याचं म्हणणं, बायका आल्या की खोलीची परंपरा संपली. या खोलीत परंपरा हा शब्द त्याआधी सिनेमावाल्यांशिवाय कोणी उच्चारला नव्हता. कारभाऱ्यांनी त्याला पाटीजवळ नेलं, अकराही नियम मोठ्याने वाचायला लावले आणि विचारलं, यात कुठे आहे दाखव. तो दोनदा वाचून परत येऊन बसला. मत घ्यायचं का, असं मी विचारलं. ते म्हणाले, नववा नियम मताने चालत नाही, तो पिशवीने चालतो. नोंद कर. मी नोंद केली.

मग ते प्राजक्ताकडे वळले आणि म्हणाले की एक दिवसाआड झाडूची पाळी तिची, आणि दार बंद होणार नाही, कारण दाराला कडी नाही.

ती म्हणाली, "उघड्या दारात मला झोप लागणार नाही, कारभारी."

पाहुणे, पथारी, पत्ते, सगळ्यावर नियम होता, यावर नव्हता. त्यांनी पाटी वरून खालपर्यंत वाचली. मग म्हणाले, "बंद होवचा नाय. लोटूक हरकत नाय. मी भायर बसतलय."

आणि बसले. म्हणजे वीस वर्षं आत बसलेला माणूस एका सोमवारी सकाळी नऊ वाजता स्टूल घेऊन गॅलरीत आला. दुपारी एक ते अडीच ते आत पथारीवर पडायचे, तेही बंद झालं. खुंटी नंबर एक सकाळपाळीची, दिवसा झोपायचा हक्क रातपाळीवाल्याचा. हे मला त्यांनीच सांगितलं, कुठेही तक्रारीचा सूर नव्हता. पावणेतीनची थाळी वाजवायची की नाही हे बघायला मात्र त्यांनी पाटी पुन्हा पहिल्यापासून वाचली. थाळीचा उल्लेख तिच्यावर नव्हता. ती वाजवायची बंद झाली.

हे सगळं त्यांना आधीपासून ठाऊक होतं का, यावर माझं आणि तेरा नंबरचं अजून एकमत नाही. तेरा नंबरच्या मते रिकाम्या पिशवीचं ते वाक्य म्हणजे म्हाताऱ्याची चाल होती. माझं मत वेगळं आहे. त्यांना चाल खेळता येत नव्हती. नायिका खोटी असली तरी त्यांच्या खुंटीवर खोटी पिशवी त्यांना सहन झाली नसती, इतकंच. एकदा सरळ विचारलं तर त्यांनी मला, गॅलरीचा कठडा किती इंचाचा आहे, असं विचारलं.

प्राजक्ता सात तास झोपायला लागली. लेबलांची अदलाबदल पुन्हा झाली नाही. मी वर्षभर नजर ठेवून होतो. मंगेशने आठ दिवस अबोला धरला आणि नवव्या दिवशी तिच्याकडून आईची शुगर तपासून घेतली.

सिनेमा थिएटरात आठवडाभर चालला आणि मग मोबाइलवर आला. मे महिन्यात एका दुपारी माझी साप्ताहिक सुट्टी होती, म्हणून फोन घेऊन खोलीवर गेलो. कारभारी गॅलरीत छत्री उघडून बसले होते. पश्चिमेचं ऊन सरळ दारावर यायचं आणि फटीतून आत शिरायचं, म्हणून छत्री दाराच्या बाजूला कलती धरलेली. स्वतः निम्मे उन्हात.

मी सिनेमा लावला. त्यांनी पहिल्यांदा आवाज बंद करायला लावला. आत झोप चालू होती. मग एक तास अठ्ठावन्न मिनिटं त्यांनी तो मुका सिनेमा चष्मा नाकावर सरकवत बघितला. कंदील दिसला तेव्हा नाक मुरडलं. नट फरशी पुसताना दिसला तेव्हा मान डोलावली, कोपरा राहिलाय म्हणाले. शेवटी नायिकेने पिशवी टांगली, नऊ माना हलल्या, त्यांच्याच जागी उभा राहून तो नट हुंदके देऊन रडला, समुद्र दिसला आणि नावं वर सरकायला लागली.

नावं संपेपर्यंत ते थांबले.

"फुडे?"

"संपला, कारभारी."

"संपलो कसो? त्या चेडवाक निजाक जागा खंय दिल्यानी?"

मी म्हटलं, त्या मुलीला झोपायला जागा कुठे दिली ते दाखवलेलं नाही. पिशवी टांगली म्हणजे ती जिंकली, पुढचं बघणाऱ्याने समजून घ्यायचं.

"मगे अर्धोच झालो," ते म्हणाले. फोन माझ्या हातात दिला, ऊन चार बोटं सरकलं होतं, तेवढं स्टूल सरकवून घेतलं, आणि मला खुणेने सांगितलं की जाताना चपला जिन्याखाली घाल, फरशीवर वाजतात.